साक्षीदाराची अपात्रता

त्लोनच्या विश्वकोशाचा अकरावा खंड एका तुरुंगातील प्रयोगाची हकीकत सांगतो. तुरुंगाधिकाऱ्याने कैद्यांना सांगितले, की एका जुन्या नदीपात्रात काही थडगी आहेत आणि ज्याच्या हाती महत्त्वाचे काही लागेल त्याची सुटका होईल. खोदकामापूर्वीचे काही महिने त्यांना, जे सापडणार होते त्याची छायाचित्रेही दाखवली जात होती. आठवडाभर कुदळी-फावडी चालली आणि हाती आले ते एक गंजके चाक. तेही प्रयोगानंतरच्या तारखेचे. पुढे हाच प्रयोग गुप्तता पाळून चार शाळांत झाला. तीन शाळांत जवळजवळ काहीच निघाले नाही. चौथ्या शाळेचा प्रमुख उत्खननाच्या सुरुवातीसच अपघाताने मरण पावला होता. तेथील विद्यार्थ्यांनी मात्र सोन्याचा एक मुखवटा, एक पुरातन तलवार, मातीचे दोन-तीन कुंभ आणि एका राजाचे हिरवट, भग्न धड जमिनीतून काढले, किंवा निर्माण केले. धडाच्या छातीवरील लेख अद्याप लागलेला नाही.

बोर्हेसच्या ‘त्लोन, उक्बार, ऑर्बिस टर्शियस’ या कथेतला हा मजकूर पानभराचाही नाही. कथा मे १९४० मध्ये ब्वेनोस आयरेसच्या ‘सुर’ या नियतकालिकात प्रथम छापली गेली, १९४४ च्या ‘फिक्सिओनेस’ या संग्रहातून ती सर्वदूर पोचली, आणि तिच्यावर पुढे जे विपुल लेखन झाले त्यात या उत्खननाचा उल्लेख बहुधा एक गमतीदार तपशील म्हणून येतो. वास्तविक अद्भुत साहित्यात भूतकाळ बदलणाऱ्या शक्तींची वाण नाही. वर, शाप, औषधी, यंत्रे, स्वप्ने यांनी घडून गेलेले न घडलेले केल्याच्या कथा सर्वत्र आहेत. परंतु त्या शक्तीला रीतसर विद्याशाखेचे रूप देणारी, म्हणजे तिला प्रयोग, फसलेले प्रयोग, गुप्तता, पद्धतीविषयीचे मतभेद आणि शंभरेक वर्षांचा इतिहास बहाल करणारी कथा विरळाच. त्लोनमध्ये या विद्येच्या फलितांना ‘ह्रोनिर’ म्हणतात. दोन माणसे एक हरवलेली पेन्सिल शोधतात; पहिल्याला ती सापडते, पण तो काही बोलत नाही; दुसऱ्याला दुसरी पेन्सिल सापडते, पहिलीइतकीच खरी, त्याच्या अपेक्षेशी अधिक जुळणारी. ही दुसरी पेन्सिल म्हणजे ‘ह्रोन’. आरंभी असे ह्रोनिर विसरभोळेपणातून, अनवधानाने उपजत. मग ते पद्धतशीरपणे पिकवता येतात असे लक्षात आले आणि पुरातत्त्वज्ञांची चांदी झाली: भूतकाळाची झडती घेता येऊ लागली, एवढेच नव्हे तर तो बदलता येऊ लागला. भविष्यकाळ जितका लवचीक, तितकाच भूतकाळही हाताला नरम लागू लागला.

या भागाचे प्रचलित वाचन तत्त्वज्ञानाच्या अंगाने जाते. त्लोनवासी जन्मजात चिद्वादी आहेत. त्यांच्या दक्षिण गोलार्धातील भाषांत नामे नाहीत, सारा व्यवहार क्रियापदांवर चालतो. उत्तर गोलार्धात विशेषणांच्या राशी करून नामाचे काम भागवले जाते. ज्ञानावाचून वस्तूला अस्तित्व नाही हे बर्क्लीचे मत जेथे लोकांच्या अंगवळणीच पडले आहे, तेथे इच्छेने वस्तू उपजावी यात आश्चर्य ते काय? हे वाचन चुकीचे नाही, पण आळशी आहे. ते सिद्धान्ताशी थांबते आणि प्रयोगाच्या तपशिलाकडे पाहत नाही. निव्वळ इच्छेने वस्तू उपजत असती तर कैद्यांचीच इच्छा सर्वांत तीव्र होती. त्यांना सुटका हवी होती. शाळकरी मुलांना थडग्यांचे काय सोयरसुतक? तरीही कैद्यांना चाक मिळाले आणि मुलांना राजा.

विश्वकोश याचे कारण देतो आणि ते अत्यंत कोरड्या प्रशासकीय भाषेत देतो: शोध हा प्रयोग आहे हे ज्यांना ठाऊक आहे असे साक्षीदार कामाचे नाहीत, हे यावरून सिद्ध झाले. शोध लागला तो वस्तू कशी निर्माण करावी याचा नव्हे. कोण उपस्थित असू नये, याचा. येथे त्या चौथ्या शाळेच्या प्रमुखाकडे पुन्हा वळावे लागते. त्याच्या मृत्यूची नोंद बोर्हेस कंसात करतो, जणू वृत्तान्ताच्या पूर्णतेपुरती. पण चारही शाळांमधला तोच एक फरक आहे. खोदणारी मुले अज्ञानी होती, ती सगळीकडेच होती. चौथ्या ठिकाणी जाणणाराही उरला नव्हता. तुरुंगाधिकारी जिवंत होता, उरलेल्या तीन शाळांचे प्रमुख जिवंत होते, आणि तेथे मातीने काही दिले नाही. ‘अपघाताने’ या शब्दावर कथा जराही जोर देत नाही; द्यायचीही गरज नाही. एका विद्याशाखेची पहिली यशस्वी निष्पत्ती आणि तिच्या एकमेव जाणत्या साक्षीदाराचा मृत्यू एकाच वाक्यात बसवले आहेत, आणि विश्वकोशकारांना त्यात लक्षणीय काही वाटलेले नाही.

भूतकाळ बदलता येईल काय, हा प्रश्न अर्थातच बोर्हेसचा नव्हे. घडलेले न घडलेले करणे एवढे एकच सामर्थ्य देवापाशी नाही, असे नाटककार अगॅथॉनचे म्हणणे ॲरिस्टॉटलने आपल्या नीतिशास्त्राच्या सहाव्या भागात मान्यतेने नोंदवले आहे. अकराव्या शतकात पीटर डेमियन या ख्रिस्ती धर्मवेत्त्याने माँटे कॅसिनोच्या मठाधिपतीला लिहिलेल्या एका दीर्घ पत्रात हे बंधन झुगारले. ईश्वराला सर्व काळ वर्तमानच असतो, तेव्हा त्याच्या सामर्थ्याला ‘होऊन गेले’ ही सबब लागू पडत नाही, असा त्याचा रोख. भारतीय विचारात प्रश्नाची मांडणीच वेगळी झाली. पतंजलीच्या विभूतिपादात योग्याला अतीत-अनागताचे ज्ञान होते. अतीत बदलण्याची सिद्धी मात्र यादीत नाही. आणि जेथे ‘यत्रकामावसायित्व’, म्हणजे संकल्प करावा तसे घडावे, ही सिद्धी येते तेथे व्यासभाष्य थबकते आणि सांगते, की योगी समर्थ असूनही पदार्थांची उलथापालथ करीत नाही, कारण पूर्वसिद्धाचा संकल्प तसा नाही. सामर्थ्य आहे, पण शिष्टाचार आडवा येतो. ‘योगवासिष्ठा’तील लवण राजाला दरबारात ऐंद्रजालिकाने दोन मुहूर्तांत एक संबंध आयुष्य भोगायला लावले, दुसऱ्या दिवशी राजा विंध्याच्या रानात गेला तेव्हा तेथे त्याच्या त्या दुसऱ्या आयुष्यातली सासू लेकी-जावयासाठी रडत बसलेली त्याला भेटली. म्हणजे इंद्रजालाने भूतकाळात भर घातली आणि साक्षीदारही पुरवला.

या सगळ्या चर्चेत कर्ता महत्त्वाचा आहे: त्याला शक्य आहे की नाही, शक्य असल्यास त्याने करावे की नाही. बोर्हेसने प्रश्न कर्त्याकडून काढून पाहणाऱ्याकडे नेला. त्लोनमध्ये हे विश्वकोशीय विनोदाच्या आवरणाखाली झाले. नऊ वर्षांनंतर ‘एल आलेफ’ या संग्रहातील ‘दुसरा मृत्यू’ या कथेत ते आवरणही राहिले नाही, आणि या दोन कथांपैकी अधिक भयंकर कथा तीच आहे, जरी कीर्ती पहिलीची मोठी असली तरी.

पेद्रो दामियान हा एन्त्रे रिओस प्रांतातला एक साधा शेतमजूर. उरुग्वेच्या यादवीत, सप्टेंबर १९०४ मध्ये झालेल्या मासोयेरच्या लढाईत तो विशीच्या आतबाहेर असताना भित्रा ठरला. नंतरची चाळीस वर्षे त्याने एकांतात, गुरे आणि झाडोरा यांच्या संगतीत काढली. १९४६ मध्ये फुप्फुसाच्या विकाराने, त्या लढाईविषयी बरळत तो मेला. एवढे झाल्यावर त्याच्याविषयीच्या आठवणी बदलू लागतात. लढाईत त्याचा सेनानी असलेला कर्नल ताबारेस आधी त्याच्या भित्रेपणाची हकीकत सांगतो. काही महिन्यांनी त्याला दामियान नावाचा माणूसच आठवत नाही. आणखी काही काळाने तो पत्राने कळवतो, की दामियान मासोयेरला चढाईच्या अग्रभागी पडला व त्याच रात्री त्याला पुरले. ज्या गॅननने मृत्यूची वार्ता कळवली होती त्याच्या स्मृतीतून दामियान पुसला जातो, आणि त्याबरोबर एमर्सनच्या ‘भूतकाळ’ या कवितेचे भाषांतर करण्याचा त्याचा संकल्पही. ती कविता भूतकाळ देवांनाही हलवता येत नाही असे सांगणारी आहे. विश्वाची दुरुस्ती चालू असताना नेमके तेच भाषांतर नाहीसे व्हावे, हा बोर्हेसचा विनोद येथे फार थंड आहे.

निवेदकाने शेवटी जे स्पष्टीकरण स्वीकारले ते पीटर डेमियनच्याच आधाराने: दामियान आयुष्यभर मनाने त्या लढाईची वाट पाहत राहिला, मृत्युशय्येवर ती त्याला ग्लानीत पुन्हा मिळाली, तो या वेळी शूराप्रमाणे लढला, आणि ईश्वराने हे मरण १९०४ मध्ये नेऊन ठेवले. इथपर्यंत कथा उद्धाराची आहे. वर्तमानपत्रात ती प्रथम आली तेव्हा तिचे नावही ‘उद्धार’ असेच होते. पण भूतकाळातली एक घटना बदलायची तर तिचे अगणित परिणाम रद्द करावे लागतात, आणि त्या परिणामांत माणसेही असतात. दिएगो अबारोआ हा त्या ठाण्यावरचा राखणदार. त्याने दामियानला म्हातारा झालेला पाहिले होते, मरताना पाहिले होते. निवेदक त्याला भेटायला जातो तेव्हा तो हिवाळ्यापूर्वीच मेलेला असतो. निवेदकाच्या मते तो मेला, कारण त्याच्यापाशी दामियानच्या फार आठवणी होत्या.

येथे तीन साक्षीदारांची तुलना करण्याजोगी आहे. कर्नलची स्मृती दुरुस्त झाली, गॅननची पुसली गेली, अबारोआचा प्राणच गेला. हा फरक का? कर्नलचा दामियानशी संबंध काही दिवसांच्या मोहिमेपुरता. तेथे एक दृश्य काढून दुसरे बसवता येते. गॅनन जमीनदार, त्याने दामियानला लांबून पाहिलेले. अबारोआच्या बाबतीत मात्र वर्षानुवर्षांचा सहवास उसवायचा तर माणूसच उसवावा लागणार. दुरुस्तीची किंमत ज्ञानाच्या दाटपणावर ठरते. आणि योगायोग असा, की ज्याच्यापाशी ज्ञान सर्वांत दाट होते तो समाजाच्या उतरंडीत सर्वांत खाली होता. बोर्हेसला वर्गीय दृष्टी नाही, ही टीका वारंवार झाली आहे आणि ती पुष्कळ अंशी योग्य आहे. या कथेतले मरण मात्र तिला सहजी वश होत नाही.

मग निवेदक कसा वाचला? त्यालाही दोन्ही दामियान ठाऊक आहेत. बहुतेक वाचक हा प्रश्न निवेदनाच्या सोयीपुरता समजून सोडून देतात. कोणीतरी सांगायला उरलेच पाहिजे. पण कथेत उत्तराची सामग्री आहे. गॅननने निवेदकाला दामियानचे एक छायाचित्र पाठवले होते. ते हरवले आहे आणि निवेदक आता ते शोधत नाही. सापडेल याची त्याला भीती वाटते. दामियानचा चेहरा म्हणून त्याच्या डोळ्यांपुढे जो येतो तो एका गायकाचा, ऑथेल्लोच्या भूमिकेतला, निघतो. शिवाय दामियानचे नाव खरोखर दामियान होते काय, याविषयी तो स्वतःच शंका पेरतो आणि जाहीर करतो, की १९५१ च्या सुमारास आपण एक काल्पनिक कथा रचली असेच आपल्याला वाटू लागेल. म्हणजे तो आपली साक्ष स्वतःच पातळ करतो. पुरावा शोधत नाही, चेहरा उसना घेतो, नाव संदिग्ध ठेवतो, आणि सत्य ‘कथा’ म्हणून नोंदवतो. अबारोआला हा मार्ग उपलब्ध नव्हता. साहित्याकडे सत्याचे जतन म्हणून पाहणाऱ्यांना हे कडू लागेल, पण या कथेत कल्पित साहित्य हे साक्षीदाराने जीव वाचवण्यासाठी घेतलेले सोंग आहे.

याच वर्षी, १९४९ मध्ये, ऑर्वेलची ‘नाइन्टीन एटी-फोर’ प्रसिद्ध झाली. तेथे मंत्र नाही, कचेरी आहे. जुने अंक परत छापले जातात आणि जुनी कात्रणे जाळली जातात. तरीही त्या व्यवस्थेला अखेरीस एका माणसाच्या डोक्यातले एक छायाचित्र पुसण्यासाठी एवढी यातायात करावी लागते, ही गोष्ट बोर्हेसच्या विद्येशी नाते सांगते. अर्सुला ल ग्विनच्या ‘द लेथ ऑफ हेवन’ या १९७१ च्या कादंबरीत जॉर्ज ऑर या माणसाची स्वप्ने वास्तव बदलतात, तेही मागील काळासकट, जेणेकरून नवे वास्तव पूर्वीपासून तसेच होते असे सर्वांना आठवावे. दोन्ही वास्तवे लक्षात राहतात ती स्वप्न पाहणाऱ्याच्या आणि त्या क्षणी शेजारी असणाऱ्याच्या. मनोवैद्य हेबर या नियमाचा फायदा घेतो: तो साक्षीदार असतो आणि नसल्याची बतावणी करतो, कारण बदल पाहिल्याची कबुली दिली तर जबाबदारीही येईल. वकील हेदर निरीक्षक म्हणून एकदा शेजारी बसते आणि दोन भूतकाळांच्या ओझ्याखाली चळचळा कापते. पुढे वर्णभेद नष्ट व्हावा या सदिच्छेने घडवलेल्या एका स्वप्नानंतर सर्व माणसे करड्या रंगाची होतात आणि हेदर जगातून नाहीशी होते. काळा बाप आणि गोरी आई यांची ती मुलगी, तिला त्या इतिहासावाचून असणेच शक्य नव्हते. कादंबरीचा उत्तरार्ध बराच पसरट आहे. हे एक प्रकरण तेवढे ‘दुसरा मृत्यू’च्या बरोबरीने वाचावे असे.

मराठीत या जातीच्या कथेचे नाव घ्यायचे तर जयंत नारळीकरांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’. तेथे कोणी विद्या वापरून भूतकाळ बदललेला नाही. पानिपत जिंकलेला एक इतिहास शेजारीच नांदत असतो आणि प्राध्यापक गंगाधरपंत त्यात जाऊन येतात. पण त्यांच्या खिशात बखरीचे एक पान राहते, आणि त्या पानावर विश्वासराव बचावलेले असतात. त्या पानामुळे त्यांच्यावर विश्वास ठेवला जातो. वैज्ञानिकाने लिहिलेल्या कथेत साक्षीदाराला कागदाचा आधार मिळावा आणि ग्रंथपालाने लिहिलेल्या कथेत कागद सापडण्याचीच भीती वाटावी, हा विरोध मौजेचा आहे. (बोर्हेस १९५५ मध्ये अर्जेंटिनाच्या राष्ट्रीय ग्रंथालयाचा संचालक झाला, त्याआधी तो एका नगर ग्रंथालयात कारकुनी करीत होता.)

त्लोनची कथा संपते ती १९४७ च्या ‘ताजा कलम’ने. त्यात ग्रहाचा बनाव उघड होतो: एक गुप्त मंडळ, एक अमेरिकन धनिक, चाळीस खंडांचा विश्वकोश. मग बनावातल्या वस्तू प्रत्यक्षात सापडू लागतात आणि त्लोनची भाषा, त्लोनचा सुसंगत इतिहास शाळाशाळांत शिरतो. शिस्तीचा आभास देणारी कोणतीही रचना माणसांना भुलवायला पुरे होती, असे सांगताना निवेदक नात्सीवादाचे आणि ज्यूद्वेषाचे नाव घेतो. हे १९४० मध्ये ब्वेनोस आयरेसमध्ये छापणे निरुपद्रवी नव्हते. पण या ताज्या कलमाविषयीची सर्वांत महत्त्वाची गोष्ट तिच्या तारखेत आहे. १९४७ ही तारीख मिरवणारा तो मजकूर मे १९४० च्या अंकात कथेबरोबरच छापलेला होता.

‘सुर’चा तो अंक हातात धरणारा वाचक मुखपृष्ठाकडे एक दृष्टिक्षेप टाकून बनाव ओळखू शकत होता. तो, विश्वकोशाच्या परिभाषेत, अपात्र साक्षीदार होता. प्रयोग हा प्रयोग आहे हे त्याला ठाऊक होते. सात वर्षे लोटली आणि ही जाणीव कोणीही न पुसता पुसली गेली. आज संग्रहातून किंवा क्रमिक पुस्तकातून कथा वाचणारा विद्यार्थी असे धरून चालतो, की लेख १९४० चा आणि ताजा कलम लेखकाने सात वर्षांनी खरोखरच जोडलेला. त्याला १९४७ मधला एक बोर्हेस दिसतो, जुना लेख पुन्हा चाळणारा, जग बदलल्याचे पाहून खिन्न झालेला. हा बोर्हेस कधी नव्हता. तो ह्रोन आहे, आणि तो प्रत्येक नव्या वाचकाच्या भोळ्या अपेक्षेतून पुन्हा उपजतो. त्याला रोखणारी एकच गोष्ट म्हणजे आवृत्तीची टीप, आणि आवृत्तीच्या टिपा कोण वाचतो? पाठचिकित्सा ही मराठी विभागांतून जवळजवळ हद्दपार झालेली कंटाळवाणी शिस्त येथे अचानक दंडाधिकाऱ्याच्या आसनावर बसते. पहिला अंक पाहिलेला माणूस आणि न पाहिलेला माणूस यांनी वाचलेल्या कथा एक नव्हेत.

निवेदक शेवटी आद्रोगेच्या हॉटेलात बसून ब्राउनच्या ‘अर्न बेरियल’चे एक भाषांतर घासूनपुसून घेत राहतो. ते छापण्याचा त्याचा विचार नाही. यात समीक्षकांनी शांत, खानदानी प्रतिकार पाहिला आहे. ही उदारता झाली. ज्या साक्षीचा कोणाला उपयोग होणार नाही अशी साक्ष जपणारा माणूस नव्या व्यवस्थेला अजिबात जड जात नाही. ‘दुसरा मृत्यू’च्या निवेदकाचा हा थोरला भाऊ. त्याचे अनुवाद्य पुस्तकही दफनकलशांविषयीचे असावे, म्हणजे जमिनीतून जे खरोखर निघाले त्याविषयीचे असावे, यात थोडे समाधान मानायचे तर मानावे.

अकराव्या खंडाचा शेवट मात्र वेगळ्या साक्षीदारांवर होतो. त्लोनमध्ये वस्तू विसरल्या गेल्या की विरत जातात. एक उंबरठा एक भिकारी तेथे येत होता तोवर टिकला, तो मेल्यावर दिसेनासा झाला. एका रंगमंडलाचे अवशेष कधी काही पाखरांनी, कधी एका घोड्याने वाचवले. भिकाऱ्याला आपण काही राखतो आहोत याची कल्पना नव्हती, घोड्याला तर नव्हतीच. ते तेथे रोज येत होते इतकेच. अबारोआही ठाण्यावर रोज होता. ‘दुसरा मृत्यू’मध्ये त्याच्या तोंडी एकही वाक्य नाही. दामियान मेल्याची बातमी येते ती गॅननच्या पत्रातून, आणि ते पत्र कथेच्या पहिल्याच वाक्यात हरवलेले आहे.